मदत हवी आहे : माहितीपटातील मुख्य मुलाखत ऐन वेळी मागे घेतली जात आहे

आगरवाट
निसर्ग चक्रीवादळानंतर पुन्हा उभ्या राहणाऱ्या नारळ-सुपारीच्या वाड्यांवर मी माहितीपट करत आहे. संकलन संपत आले असताना एक काकू 'माझा तो भाग दाखवू नका' म्हणत आहेत. तो काढला तर चित्रपटात काही उरतच नाही. पंधरा दिवसांत प्रत पाठवायची आहे. कृपया नेमका उपाय सुचवावा.

दर्याकाठ
कोणता भाग, कोणता तालुका, संमती लेखी की तोंडी, यांपैकी काहीही न सांगता नेमका उपाय कसा मिळावा?

आगरवाट
श्रीवर्धन तालुका. ३ जून २०२० नंतर तिसऱ्या दिवशीचे चित्रण आहे. आडव्या पडलेल्या पोफळी (सुपारीची झाडे) ओलांडत काकू विहिरीपर्यंत जातात आणि रहाटाला धरून रडतात. संमती तोंडी होती, त्यांच्या मुलाने दिली होती.

दर्याकाठ
म्हणजे रडल्या काकू आणि होकार मुलाचा.

तिसरी_घंटा
भावनेच्या भरात निर्णय घेऊ नये. चेहरा धूसर करावा, आवाज ठेवावा. मी दोनदा असे केले असून कोणाचीही तक्रार आली नाही.

दर्याकाठ
गावात माणूस चेहऱ्यावरून कमी आणि विहिरीवरून जास्त ओळखला जातो. तक्रार आली नाही, याचा अर्थ त्यांनी तो चित्रपट पाहिलाच नसेल, असाही होतो.

रोठा_सुपारी
दापोलीकडे आमचीही वाडी गेली. नवी लागवड करणाऱ्यांनी रोपांना पहिली काही वर्षे केळीची सावली जरूर द्यावी, नाहीतर उन्हाने ती करपतात.

तिसरी_घंटा
प्रश्न लागवडीचा नाही.

रोठा_सुपारी
नसेल, पण चित्रपट वाडीचा आहे ना? मग रडण्यावाचून त्यात काही उरत नाही, हे मला पटत नाही. मदत आधी हेक्टरी ५०,००० रुपये जाहीर झाली, तेव्हा दहा गुंठ्यांत दाटीने पोफळी लावलेल्याच्या वाट्याला जेमतेम पाच हजार येत होते. ओरड झाल्यावर झाडामागे नारळाला २५० आणि सुपारीला ५० रुपये ठरले. पोफळीला फळ धरायला पाच ते सात वर्षे लागतात. तोवर घर कशावर चालले, हे काकूंना विचारले आहे का?

आगरवाट
विचारले होते. वही काढून त्यांनी कोसळलेली झाडे मोजून दाखवली होती, पण ते चित्रण मला रुक्ष वाटले म्हणून बाजूला ठेवले.

दर्याकाठ
आणि रडण्याचा भाग त्यांना कधी दाखवला?

आगरवाट
अजून दाखवलेला नाही. त्यांनी तो शेजारणीकडून ऐकला; झलक मी गटावर टाकली होती.

तिसरी_घंटा
ही गोष्ट पहिल्याच प्रतिसादात सांगायला हवी होती. मी धूसर करण्याचा सल्ला मागे घेतो.

रोठा_सुपारी
झलक आज काढावी, मग जावे. दुपारी जाऊ नये, त्या वेळी वाडीत शिंपणे असते.

आगरवाट
झलक काढली. शनिवारी संध्याकाळी वहीचे चित्रण आणि तो भाग, दोन्ही घेऊन जाते. मुलाला नाही, काकूंनाच फोन केला. वही अजून आहे, म्हणाल्या, मात्र पहिली दोन पाने वाळवीने खाल्ली आहेत.