तांबडा चाफा आत्ताच पानं टाकतोय, काय करू?

फोंड्याची सून:
सासूबाईंनी लावलेला तांबडा देवचाफा आमच्या चिऱ्यांच्या गडग्याला लागून आहे. थंडीत तो उघडाबोडका होतो हे ठाऊक आहे, पण यंदा चवथ सरते न सरते तोच पानं गळायला लागली. पान उलटलं की हळदीसारखी नारिंगी पूड बोटाला लागते. झाड जाईल का हो? सासूबाई आता नाहीत, फार जीव आहे त्याच्यावर.

माडाखालचा:
ताई, तो तांबेरा, पानांवरचा बुरशीचा रोग. पावसाळी दमटपणात येतो. पडलेली पानं वेचून जाळा, बुंध्याशी कुजू देऊ नका. झाड मरत नाही. बिनटोकाच्या पानांचा पांढरा सिंगापुरी चाफा मात्र बहुतेक वर्षभर हिरवा असतो, ती जातच निराळी.

फोंड्याची सून:
हाच रंग नणंदेला म्हापशाला द्यायचाय. शेंगेतलं बी देऊ?

माडाखालचा:
बियांतून रंग बदलतो. मार्चमध्ये हातभर फांदी कापा, आठवडाभर सावलीत ठेवून चीक सुकू द्या, मग रेताड मातीत खोचा. पाणी अगदी बेतानं, फांदी कुजते ती पाण्यानंच.

फोंड्याची सून:
आज टोपलीभर पानं वेचली. शेंड्याला एक तुरा अजून आहे.