शब्दचर्चा : 'हक्क' आणि 'अधिकार' एकच का?

बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला मी राज्यशास्त्र शिकवतो. वर्ग मराठी माध्यमाचा. परवा राजकीय सिद्धान्ताच्या तासाला एका मुलीनं विचारलं, "सर, संविधानात मूलभूत हक्क आहेत, मग माहितीचा अधिकार का? हक्क मोठा की अधिकार?" मी म्हणालो, दोन्ही एकच. घरी आल्यावर ते उत्तर मला टोचत राहिलं. मुलीनं नेमकं बोट ठेवलं होतं आणि मी ते झटकून टाकलं.

कायद्यांची नावंच बघा. २००५ चा माहितीचा अधिकार. २००६ चा वनहक्क. २००९ चा शिक्षण हक्क. २०१५ चा महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम. हिंदीत हा घोळ नाही, तिथे 'मूल अधिकार', 'सूचना का अधिकार', 'शिक्षा का अधिकार' असा एकच शब्द सगळीकडे चालतो. आपल्याकडे दोन आहेत, आणि त्यातला 'अधिकार' फार ठिकाणी राबतो. कलेक्टरचे अधिकार म्हणजे पॉवर. एखादा माणूस अधिकारवाणीनं बोलतो तेव्हा ती ऑथॉरिटी. आणि मताधिकार म्हणजे राइट. पाठ्यपुस्तकांनी ऑथॉरिटीला 'अधिसत्ता' आणि लेजिटिमसीला 'अधिमान्यता' हे शब्द दिले आहेत, पण ते परीक्षेपुरते राहतात. उत्तरपत्रिकेत "राज्यसंस्थेला बळ वापरण्याचा अधिकार असतो" असं वाक्य येतं तेव्हा मी अडतो. राज्यसंस्थेला ते जमतं, असं मुलाला म्हणायचंय? की लोकांनी ते मान्य केलंय असं? मॅक्स वेबर या जर्मन समाजशास्त्रज्ञाची १९१९ ची राज्यसंस्थेची व्याख्या, म्हणजे बळाच्या अधिमान्य वापराची मक्तेदारी असलेली संस्था, याच फरकावर उभी आहे, आणि आमच्या वाक्यात तो फरकच बुजतो.

आणखी एक. विधिमंडळात 'हक्कभंग' आला की मुलांना वाटतं कुणाच्या तरी मूलभूत हक्कावर गदा आली. खरं तर तो आमदारांच्या विशेषाधिकाराचा भंग असतो. म्हणजे तिथे 'हक्क' म्हणायचं आणि अर्थ घ्यायचा विशेषाधिकाराचा.

वर्गात कोणता शब्द कुठे वापरावा? जाणकारांनी सांगावं.

प्रतिसाद

शब्दांचा अर्थ क्रियापदांना विचारा. हक्क सांगतात, मागतात, बजावतात. अधिकार देतात, काढून घेतात, वापरतात. 'हक्क काढून घेतला' असं म्हटलं की अन्याय झाल्यासारखं वाटतं. 'अधिकार काढून घेतले' म्हटलं की बदलीचा हुकूम आल्यासारखं. आणि हक्काला एक मायाही आहे. 'हक्काचं घर', 'हक्कानं सांगते'. अधिकारानं कुणी जेवायला थांबत नाही.

'बजावणे' मात्र विलक्षण आहे. मतदानाचा हक्क बजावतात आणि कर्तव्यही बजावतात. एका क्रियापदात दोन्ही. तुमच्या विद्यार्थ्यांना हे जरूर दाखवा.

प्रतिसाद

'अधिकार' मुळात योग्यतेचा शब्द. 'त्यांचा अधिकार मोठा' हे आपण संतांविषयी म्हणतो, तहसीलदाराविषयी नाही. तुकोबांचं 'अधिकार तैसा करूं उपदेश' आठवा, तिथे अधिकार म्हणजे ऐकणाऱ्याची कुवत. म्हणजे अधिकार अंगी असावा लागतो किंवा वरून मिळावा लागतो. हक्काला योग्यता लागत नाही. नुसतं माणूस असणं पुरतं. म्हणून 'मानवाधिकार'पेक्षा मला 'मानवी हक्क' बरा वाटतो.

प्रतिसाद

वीस वर्षं कायद्याचे मजकूर मराठीत आणतोय, म्हणून थोडं सविस्तर लिहितो.

वेस्ली होफेल्ड या अमेरिकी कायदेपंडितानं १९१३ साली हेच दुखणं इंग्रजीबद्दल मांडलं. त्याचं म्हणणं असं की 'राइट' हा एकच शब्द आपण चार वेगळ्या गोष्टींसाठी वापरतो. एक, माझं तुझ्यावर येणं लागतं आणि तू ते देणं लागतोस. दोन, मी अमुक केलं तर मला कुणी जाब विचारू शकत नाही. तीन, माझ्या कृतीनं कायदेशीर नातं बदलतं, जसं मृत्युपत्र लिहून मी वारस ठरवतो. चार, दुसऱ्याला माझं नातं बदलता येत नाही. इंग्रजांना यासाठी शब्दांची ओढाताण करावी लागली. आपल्याकडे पहिल्या तिन्हींना घरचे शब्द आहेत. पहिल्याला हक्क, दुसऱ्याला मुभा, तिसऱ्याला अधिकार.

आता ही कसोटी मतदानाला लावा. केंद्रावरच्या कर्मचाऱ्यानं मला मत देऊ दिलंच पाहिजे, म्हणून तो मतदानाचा *हक्क*. आणि माझ्या मतानं सरकार बदलू शकतं, म्हणून तो मत*अधिकार*. दोन्ही शब्द बरोबर आहेत, बाजू वेगळ्या. माहितीचं मात्र उलटं झालंय. जन माहिती अधिकाऱ्यानं साधारण तीस दिवसांत माहिती देणं लागतं, म्हणजे अर्जदाराचा तो निखळ हक्क. अधिकार असलाच तर टेबलापलीकडच्या अधिकाऱ्याला. माझ्या मते कायद्याचं मराठी नाव 'माहितीचा हक्क' हवं होतं.

प्रतिसाद

वरच्या मताशी सहमत नाही. मी तालुक्याच्या गावी लोकांना हे अर्ज लिहून देतो. 'अधिकार' हा साहेबाचा शब्द होता. तो आपल्या तोंडी आला याचंच लोकांना अप्रूप आहे. म्हातारी बाई खिडकीशी उभी राहून "माझा अधिकार आहे" म्हणते तेव्हा तिची मान ताठ होते. 'हक्क' म्हटलं असतं तर भांडायला आली असं समजून तिला बाहेर बसवलं असतं. व्याख्येत बसत नाही म्हणून तो शब्द तिच्याकडून काढून घेऊ नका.

प्रतिसाद

'हक्काला नुसतं माणूस असणं पुरतं' हे वाचून राहवलं नाही. या शब्दाचा आपल्याकडचा इतिहास इतका स्वच्छ नाही.

जुन्या कागदांत हक्क येतो तो 'हक्क-लवाजमा' असा, वतनदाराचा. पाटलाचा हक्क, देशमुखाचा हक्क. जन्मानं मिळालेला, गावकीतल्या जागेशी बांधलेला. परंपरेनं महारांचे बावन्न हक्क सांगितले जातात, बेदरच्या बादशहानं दिलेले. त्या हक्कांच्या बदल्यात पिढ्यान्‌पिढ्या राबणूक होती. बाबासाहेबांनी १८७४ च्या वतन कायद्यात दुरुस्तीचं विधेयक १९२८ साली मुंबईच्या कौन्सिलात आणलं ते यासाठीच. कनिष्ठ गावकामगारांची वतनं रद्द व्हायला १९५८ उजाडलं. म्हणजे 'हक्क' सोडल्यावर माणूस मोकळा झाला, हेही आपल्याच भाषेत घडलंय.

महाडचं घ्या. २० मार्च १९२७ ला चवदार तळ्याचं पाणी प्याले. त्यानंतर खटला भरला तो सवर्णांनी, तळ्यावर फक्त आमची वहिवाट म्हणून. मुंबई उच्च न्यायालयानं १९३७ साली निकाल अस्पृश्यांच्या बाजूनं दिला, पण कशावर? दुसऱ्यांना वगळण्याची ती वहिवाट अनादि काळापासून आहे हे वादींना सिद्ध करता आलं नाही म्हणून. माणूस म्हणून पाण्यावर हक्क आहे, असं त्या निकालाचं कारण नव्हतं. तळ्यावर गेलेल्यांच्या मनातला हक्क वेगळा आणि कोर्टात मोजला गेलेला वेगळा.

वर्गात मुलांना दोन्ही हक्क सांगा. 'मानवी' हे विशेषण त्या शब्दामागे लागायला किती चाललो, ते कळू दे.

मूळ लेखक

सगळ्यांचे मनापासून आभार. महाडचा निकाल मी दर वर्षी सामाजिक चळवळींच्या प्रकरणात सांगतो, हक्कांच्या प्रकरणात कधीच सांगितला नव्हता. ही माझी चूक. सोमवारचा तास तिथूनच सुरू करतो. आधी वहिवाटीचा हक्क, मग माणसाचा, मग होफेल्डचे चार अर्थ, चार पेट्यांत मांडून. त्या मुलीला वर्गासमोर सांगेन की माझं उत्तर चुकलं होतं.

खिडकीवरच्या आजींचं पटलं. उत्तरपत्रिकेत 'माहितीचा अधिकार' असाच लिहायचा, कायद्याचं नाव आहे ते. पण 'राज्यसंस्थेला अधिकार असतो' असं लिहिलं तर पुढे कंसात सत्ता, अधिसत्ता की हक्क ते लिहायला सांगणार आहे.

एक राहिलं. होफेल्डच्या चौथ्या पेटीला, म्हणजे दुसऱ्याला माझ्या बाबतीत काही बदलताच येत नाही या अवस्थेला, शब्द काय? 'उन्मुक्ती' कोशातला आहे, मुलांच्या तोंडी बसत नाही. मला 'अभय' सुचतोय. जुन्या कागदांत अभयपत्र आहेच. पण ते राजा देतो आणि मागेही घेऊ शकतो, आणि ही पेटी तर राजालाही उघडता येऊ नये अशी. अनुवादक साहेब, तुम्ही काय वापरता?

प्रतिसाद

मसुद्यात 'उन्मुक्ती'च लिहितो, नाइलाजानं. 'अभय' माझ्या कधी मनात आला नव्हता. विधी शाखेचे कुणी वाचत असतील तर त्यांनीही सांगावं.