मदत हवी आहे: सिल्वीचे चित्रपट कोणत्या क्रमाने दाखवावेत?

नमस्कार मंडळी,

आमच्या फिल्म क्लबात पुढच्या महिन्यातले तीन रविवार सिल्वी या फ्रेंच अभिनेत्रीसाठी ठेवले आहेत. चित्रपट निवडायचं काम माझ्याकडे आहे आणि मी क्रमावर अडकले आहे.

सिल्वीचा जन्म १८८३ चा, पॅरिसचा. जुन्या फ्रेंच चित्रपटांत ती कुणाची तरी आई, आजी नाहीतर मठातली मदर असते. बोलपटात मुख्य भूमिका मिळाली ती थेट १९६५ मध्ये, ऐंशी ओलांडल्यावर, रने आलियोच्या 'द शेमलेस ओल्ड लेडी'त. मार्सेयमधली एक बाई नवरा गेल्यावर मुलांकडे राहायला जात नाही. घरातलं सामान विकते, गाडी घेते, आइस्क्रीम खाते, एका तरुण वेट्रेसशी मैत्री करते. या कामाला अमेरिकेतल्या नॅशनल सोसायटी ऑफ फिल्म क्रिटिक्सने पहिल्याच वर्षी, १९६६ साठी, सर्वोत्तम अभिनेत्रीचा पुरस्कार दिला.

आता अडचण अशी की क्लबातल्या बहुतेकांचं म्हणणं, हाच चित्रपट पहिल्या रविवारी लावा, म्हणजे लोक येतील. मला ते पटत नाही. या बाईने आयुष्यभर दुसऱ्यांच्या गोष्टीत उभं राहून काय केलं हे ठाऊक नसेल, तर ती स्वतःसाठी आइस्क्रीम खाते त्यात काय विशेष, हे कळणार कसं?

माझ्या मनात आहे दिग्दर्शक क्लुझोचा 'ल कोर्बो' (१९४३). त्यात ती निनावी पत्रामुळे आत्महत्या केलेल्या रुग्णाची आई. पडद्यावर अगदी थोडा वेळ दिसते, पण चित्रपटाचा शेवट तिच्याच हातात आहे. (न पाहिलेल्यांसाठी एवढंच सांगते.) त्याच वर्षीचा दिग्दर्शक ब्रेसाँचा पहिला मोठा चित्रपट 'ले आंज द्यु पेशे'ही आहे. तुरुंगातून सुटलेल्या बायकांना आसरा देणाऱ्या मठाची प्रमुख ती झाली आहे. 'डॉन कॅमिलो'मधली म्हातारी शिक्षिकाही मला फार आवडते. मरताना राजाचं निशाण मागते, आणि कम्युनिस्ट सरपंच तिचं ऐकतो!

तर प्रश्न:
कोणते दोन चित्रपट आधी लावावेत? नुसते तिचे प्रसंग कापून दाखवले तर चालेल का? आणि ब्रेसाँच्या चित्रपटाची चांगल्या इंग्रजी सबटायटल्सची प्रत कुणी भारतात रीतसर मागवली आहे का?

प्रतिसाद १
प्रसंग कापून दाखवू नका, ही कळकळीची विनंती. मार्सेल कार्नेचा 'तेरेझ राकँ' (१९५३) अख्खा लावा. त्यात सिल्वीबाई सासू आहेत. पहिल्या भागात दुकान, घर, मुलगा, सून, सगळ्यांवर त्यांचा वचक. मुलगा मेल्याचं कळल्यावर अर्धांगवायूचा झटका येतो, वाचा जाते, आणि मग फक्त डोळे. समोर सुनेच्या भूमिकेत सिमोन सिन्योरे असूनही आपण सासूच्या खुर्चीकडे बघत राहतो. पण ती नजर अंगावर येते कारण आधीचा तासभर आपण त्यांचं बोलणं ऐकलेलं असतं. कापलेल्या तुकड्यात नुसती एक आजारी म्हातारी दिसेल.

प्रतिसाद २
वरच्याशी सहमत. पहिला 'ल कोर्बो', दुसरा 'तेरेझ राकँ', तिसरा आलियोचा. ब्रेसाँचा माझाही लाडका आहे, पण तिथे प्रेक्षकाचं लक्ष दोन तरुण नायिकांवरच राहतं. 'ल कोर्बो'च्या आधी मात्र पाच मिनिटं बोला. तो जर्मनांच्या ताब्यातल्या कंपनीने काढलेला चित्रपट, त्यापायी फ्रान्स जर्मनांपासून मुक्त झाल्यावर क्लुझोवर बंदी आली. हे माहीत असलं की निनावी पत्रांचा जाच वेगळाच जाणवतो.

धागाकर्ती
दोघांचेही मनापासून आभार. सासूबद्दलचं पटलं, प्रसंग कापायचा विचार सोडला. हाच क्रम क्लबापुढे ठेवते. ब्रेसाँचा मग चौथ्या रविवारी मागून बघते, त्यामुळे सबटायटल्सचा प्रश्न अजून उभा आहे. कुणाला माहिती असेल तर इथेच लिहा.