मालिकेतलं प्रेम आणि आपलं माजघर : तुमच्याकडे काय घडलं?

२०१२ साली 'एका लग्नाची दुसरी गोष्ट' लागायची तेव्हा माझ्यासाठी स्थळं बघणं चालू होतं. घना-राधा घरच्यांच्या कटकटीला कंटाळून लग्न करतात, पुढे घटस्फोट घ्यायचा हे आधीच ठरवून! आमच्या रत्नागिरीच्या घरी टीव्हीसमोर आजी, आई, काकू. आणि मागे खांबाला टेकून, आपण बघतच नाही असं दाखवणारे बाबा. मुलाशी लग्नाआधी बोलायचं कशाला, असं म्हणणारी आजी महिन्याभरात म्हणाली, "त्या चिपळूणच्या मुलाला नि हिला जरा एकटं बोलू दे की." थिबा पॉइंटवर दोन तास मिळाले. जमलं काहीच नाही, तो हापूसच्या पेटीच्या भावावरच बोलत राहिला. पण दोन तास मिळाले!

मालिकेची गोष्ट नको, ती सगळ्यांना पाठ आहे. तिच्यापायी तुमच्या घरात काय झालं ते लिहा.

कुडाळचा रिक्षावाला
'रात्रीस खेळ चाले'चा दुसरा भाग २०१९ मध्ये आला आणि स्टेशनबाहेर उतरणारं गिऱ्हाईक थेट म्हणायला लागलं, "आकेरीला अण्णांच्या वाड्यावर सोडा." एकदा पुण्याचं जोडपं बसलं. अण्णा नाईकांचं बाहेरच्या शेवंतावर खरं प्रेम होतं का, यावरून दोघांची जुंपली. तो म्हणे होतं, ती म्हणे हावरटपणा. परत येईस्तोवर मागे चिडीचूप.

रात्री जेवताना बायकोला हे हसत हसत सांगितलं. ती भाकरी थापत होती, थांबली नाही. म्हणाली, "शेवंताचा काय ता सगळे बोलतत. घरात बायको माई बसलेली असा, तिका कोणी इचारल्यान?" मग तव्यावरची भाकरी उलटून, "माका तरी कोणी इचारल्यान?"

मी सोळा वर्षांत विचारलं नव्हतं हे खरं. त्या दिवशी पण काय विचारायचं ते सुचलं नाही. दुसऱ्या दिवशी भाड्यावरून येताना बांगडे घेऊन आलो आणि स्वतः साफ केले. ती काही बोलली नाही. बांगडे मात्र तिरफळ घालून केलेन, माझ्या आवडीचे.

चाकरमानी
आमच्या गावी गणपतीतली संध्याकाळची आरती साडेसातला उरकायचे. आठला 'होणार सून मी ह्या घरची'. जान्हवीचं बाळंतपण इतकं लांबलं की आमची म्हैस व्याली, रेडकू चरायला लागलं, तरी श्री अजून तिला जिना जपून उतर म्हणत होता. एरवी बायकोच्या दुखण्याखुपण्याला फिरकत नसलेले काका त्या वर्षी सुनेला डॉक्टरकडे घेऊन गेले. बदल म्हणायचा तर एवढाच.

हर्णैकरीण
आई बंदरावर लिलावात मासळी घेते नि दापोलीच्या बाजारात विकते. 'माझ्या नवऱ्याची बायको' तिने एक भाग चुकवला नाही. बायको सोडून शनायाच्या मागे लागलेल्या गुरुनाथला शिव्या घालायची, शनायाला कधीच नाही. "पोर आहे ती. लग्न याचं झालेलं होतं ना?" त्याच्या बायकोने, राधिकाने मसाल्याचा धंदा उभा केला तेव्हा मात्र खवळली. "एवढा मसाला केलंन नि हिच्या हाताची आग होत नाय? एकदा तरी खोकली?" नवरा गेल्यावर बाई उभी राहते ते दाखवा, पण हात कसे भाजतात ते पण दाखवा, असं तिचं म्हणणं. वडील आम्हाला टाकून गेले त्याबद्दल ती इतकंच बोलली आहे, तेही मसाल्याच्या नावावर.

दिवेआगरची सून
३ जून २०२०, निसर्ग वादळ. वाडीतल्या सुपाऱ्या आडव्या, कौलं उडालेली, वीज किती दिवस नाही ते मोजणं सोडून दिलं. लॉकडाऊनमुळे मालिकांचं शूटिंग आधीच बंद होतं, त्यामुळे सासूबाई म्हणाल्या, "वीज नाही तेच बरं, नुसते जुने भाग बघावे लागले असते."

संध्याकाळी अंगणात कंदील लावून आम्ही सोललेल्या सुपाऱ्या निवडत बसायचो. एकदा मी सहज विचारलं, तुमच्या वेळी असं प्रेमबीम होतं का? सासूबाई सुपारी हातात घोळवत म्हणाल्या, "होता एक. श्रीवर्धनचा. पेटी छान वाजवायचा." मी घाबरून सासऱ्यांकडे पाहिलं. ते सुपाऱ्यांवरची नजर न काढता म्हणाले, "माहित्ये. आपल्या लग्नात मंगलाष्टकांना पेटीवर तोच होता."

सासूबाईंनी कंदील पुढे ओढला. "आणि हे तुम्ही आज सांगताय?"