ललिता पवारांना आपण खाष्ट सासूतच अडकवलं का?

पन्हं_प्रेमी: परवा टीव्हीवर अनाडी लागला होता, जाता जाता दहा मिनिटं बघू म्हटलं आणि शेवटपर्यंत बसलो, तेव्हापासून डोक्यात किडा वळवळतोय. कुणाची सासू जरा कडक निघाली की आपण म्हणून मोकळे, ललिता पवार आहे नुसती! बाई १९२८ च्या आसपास मूकपटात आल्या, १९८७ च्या रामायणातही मंथरा म्हणून उभ्या आणि आपल्या लक्षात काय राहिलं तर तो एक बारीक डोळा. १९४२ ला जंग-ए-आझादीच्या शूटिंगमध्ये भगवानदादांची थप्पड जरा जास्तच जोरात बसली, चेहऱ्याला पक्षाघात झाला, डावा डोळा कायमचा अधू. तोपर्यंत त्या हिरॉइन होत्या हो! श्री ४२० मधली गंगामाई केली तेव्हा वय ३९, राज कपूर त्यांच्याहून फक्त ८ वर्षांनी लहान. माझं स्पष्ट मत, इंडस्ट्रीने बाईंना वाया घालवलं.

खवचट_काका: वाया?? साफ असहमत. त्यांच्या बरोबरीच्या तीसच्या दशकातल्या हिरॉइनींची पाच नावं सांग बरं, गूगल न करता. आणि हिरॉइनला तेव्हा करायला असायचं काय, झाडाला धरून गाणं. चरित्र भूमिकांनीच बाईंना इतकी वर्षं काम दिलं. अनाडीसाठी सहाय्यक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं, १९६१ ला संगीत नाटक अकादमी मिळाली, वाया गेलेल्यांना देतात का हे?

पन्हं_प्रेमी: काका पुरस्कार मिळाला म्हणजे न्याय झाला असं नाही ना. अनाडीत मिसेस डिसा, वरून कडक आणि आतून लोणी, मग १२ वर्षांनी आनंदमध्ये मेट्रन, परत वरून कडक आणि आतून लोणी, दिग्दर्शक तोच हृषीकेश मुखर्जी, आणि आडनाव पण डिसाच ठेवलंय! एवढी मोठी नटी आणि साचे दोनच, छळणारी नाहीतर ही.

येवलेकर: बाई आमच्या येवल्याच्या, तेव्हा मी पार्शल आहे हे आधीच सांगतो 😀 दोघंही हिंदीतच फिरताय. रामशास्त्री बघा, १९४४ चा, म्हणजे त्या थप्पडनंतर दोनच वर्षांनी. आनंदीबाई केलीय. ध चा मा करणारी बाई म्हणजे आपल्याकडे खलनायिकांची आद्य गुरुमाऊली, ती अशा चेहऱ्याने कॅमेऱ्यासमोर उभी राहून करायची याला जिगर लागते.

खवचट_काका: +१. डोळा लपवायला गेल्या असत्या तर संपल्या असत्या, त्यांनी तोच कामाला लावला.

पन्हं_प्रेमी: म्हणजे अपघात झाला ते बरं झालं म्हणायचं?

खवचट_काका: असं कोण म्हणालं, उगाच माझ्या तोंडी घालू नकोस.

मोडी_वाचक: भांडू नका रे. आमची आजी मंथरा आली की टीव्हीकडे बघून कडाकडा बोटं मोडायची आणि लगेच म्हणायची, काय काम करते पण मेली! हे दोन्ही एकाच दमात. बाकी साचे दोनच हे मला पटलं नाही, प्रोफेसर विसरलात का? १९६२ चा. तिथली कडक सीतादेवी म्हातारा बनून आलेल्या शम्मी कपूरवर भाळते, लाजते काय, नटते काय, आणि आपण हसता हसता मधेच थबकतो कारण ही बाई किती वर्षं एकटी आहे ते त्या लाजण्यात दिसतं. हे काम खाष्ट सासूच्या साच्यात बसवून दाखवा.

पन्हं_प्रेमी: प्रोफेसर खरंच विसरलो होतो, हा पॉइंट घेतला. पण साठ वर्षांत असे रोल मोजायला बसलो तर एका हाताची बोटं पुरतील, त्यामुळे वाया घालवलं हा शब्द मी मागे घेत नाही.

येवलेकर: आधी रामशास्त्री बघ मग बोटं मोज.