ब्लॅक कंपनी: तिसऱ्या पुस्तकावर थांबा, पुढचं ताणलेलं आहे (असहमत असाल तर या)

जुनाट_टाक
ग्लेन कुकची ‘ब्लॅक कंपनी’ मालिका पुन्हा पहिल्यापासून वाचून काढली आणि मत आता पक्कं झालंय, तर लिहूनच टाकतो. १९८४-८५ मधली पहिली तीन पुस्तकं, म्हणजे द ब्लॅक कंपनी, शॅडोज लिंगर आणि द व्हाइट रोझ, ही भाडोत्री सैनिकांवरच्या फॅन्टसीत अजूनही एक नंबर आहेत. त्यानंतर २००० सालापर्यंत लेखकाने जे काय लिहिलं ते एकेका चांगल्या प्रसंगासाठी शंभर पानं सहन करायला लावणारं. (पुढे स्पॉयलर आहेत. पुस्तकं चाळीस वर्षं जुनी आहेत, त्यामुळे कुरकुर चालणार नाही.)

ज्यांनी वाचलंच नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. शेकडो वर्षांपासून चालत आलेली एक फौज, पैसे देईल त्याची चाकरी करणारी. तिचा डॉक्टर क्रोकर, आणि कंपनीची बखर लिहायचं कामही त्याच्याकडेच. सुरुवातीला बेरिल नावाच्या शहरात ह्यांची नोकरी नकोशी झालेली असते, मालकाशी दगा करून हे लोक तिथून सुटतात आणि थेट उत्तरेत ‘लेडी’च्या साम्राज्याच्या पगारावर रुजू होतात. ही लेडी म्हणजे दुसऱ्या कुठल्याही कादंबरीत शेवटच्या प्रकरणात मारली जाणारी बाई. आपले हिरो तिच्याकडून लढतात. आणि समोरचे बंडखोर? ते पण काही धुतल्या तांदळासारखे नाहीत.

पण मालिका उभी आहे ती क्रोकरच्या लिहिण्यावर. तो सगळं सांगतच नाही. कितीतरी चकमकी दोन ओळींत उरकतो आणि वन-आय न गॉब्लिन ह्या दोन खवट म्हाताऱ्या जादूगारांची पत्त्यांच्या डावावरची भांडणं मात्र रंगवून सांगतो. फौजेत राहिलेल्या माणसाला लक्षात राहणार ते असंच. पहिल्या पुस्तकाच्या शेवटी चार्मची लढाई येते, लेडीच्या बुरुजाबाहेर बंडखोरांचा समुद्र पसरलाय, वरच्या मोठ्या जादूगारांची आपापसात वेगळीच कापाकापी चाललीये, आणि आपल्याला दिसतं फक्त एका दमलेल्या डॉक्टरला दिसेल तेवढं. एका ठिकाणी तर तो सरळ सांगतो की माझे सोबती किती क्रूर आहेत ते मी पूर्ण लिहीत नाही, कारण ती माझी माणसं आहेत. मला तरी ह्या एका कबुलीत सगळी मालिका दिसते.

आता पुढच्या पुस्तकांत ह्याची वाट कशी लागते बघा. कंपनी दक्षिणेला जाते, बखर मर्गन ह्या कंपनीतल्याच सैनिकाकडे येते, आणि त्याला मिळतो स्मोक नावाचा एक बेशुद्ध जादूगार ज्याच्या जोरावर तो पाहिजे तिथे, पाहिजे त्याच्या खोलीत अदृश्यपणे डोकावू शकतो. झालं की मग! जी मालिका ‘सैनिकाला काही कळत नाही’ ह्याच्यावर उभी होती तिच्या निवेदकालाच सगळं कळायला लागलं. बखरीचा हेरखात्याचा रिपोर्ट झाला.

मुक्काम_पोस्ट
+१. वन-आय आणि गॉब्लिनसाठी मी दहाही पुस्तकं वाचली, बाकी राज्यं बुडली काय नि राहिली काय.

रोखठोक_रमा
तुम्हाला ज्याच्यात मोठेपणा दिसतो त्याला मी ताकाला जाऊन भांडं लपवणं म्हणते.

माझे सोबती क्रूर आहेत पण मी ते लिहिणार नाही, हे वाक्य लेखकाने एकदा टाकलं आणि नंतर सगळीकडे त्याची पावती फाडत बसला. ही फौज एका जुलमी साम्राज्याचा डावा हात आहे. गावं जाळणं, कैद्यांचे हाल, सगळं होत असणार, पण आपल्यापर्यंत काय येतं तर पत्ते, टिंगलटवाळी आणि पायपीट. वाचक त्यांच्या प्रेमात पडतो कारण त्यांनी केलेलं त्याला दाखवलंच जात नाही. डार्लिंग ही मुकी-बहिरी पोर कंपनीला सापडते तो प्रसंग आठवा. तिथे नासधूस करणारे कोण, तर लिंपरचे सैनिक. आपले लोक येऊन थांबवतात. किती सोयीचं आहे ना, लेडीच्या त्याच साम्राज्याचे दोन पगारी हात आणि घाण सगळी दुसऱ्याच्या हाताला.

आणि ह्याच लेखकाला सगळं दाखवता येतं हो, प्रश्न तो नाहीच. शॅडोज लिंगरमधला मॅरन शेड घ्या. जुनिपर शहरातला कर्जात बुडालेला, घाबरट खानावळवाला. प्रेतं काळ्या किल्ल्याला विकायला लागतो आणि मग एकेक पायरी खाली उतरत जिवंत माणसांपर्यंत पोचतो. त्याची भीती, त्याचा हिशोब, आईसमोरचं त्याचं खोटं बोलणं, काही म्हणजे काही सोडलेलं नाही. माझ्या मते मालिकेतला सगळ्यात जिवंत माणूस तोच. म्हणजे बाहेरचा माणूस पाप करतो तेव्हा दिवा मोठा आणि कंपनी करते तेव्हा वात बारीक. ह्याला शैली कशी म्हणायची?

जुनाट_टाक
रमा, शेडचा मुद्दा चांगला काढलात पण तो माझ्याच बाजूचा आहे. शेड शेवटी कंपनीसोबतच पळत असतो, त्याची हकीकत क्रोकरला मिळाली असणार ती तिथूनच, आणि ती प्रकरणंही त्या बखरीतलीच. म्हणजे खानावळवाल्याची पापं सविस्तर लिहिणारा आणि स्वतःच्या भावकीची झाकणारा माणूस एकच आहे. लेखक हे मुद्दाम शेजारी शेजारी ठेवतो. तुम्हाला राग आला ना वाचताना? मग त्याचं काम झालं.

रोखठोक_रमा
नाही पटलं. वाचकाने स्वतः ओळखायचं, लेखकाने हात वर करायचे, आणि कोणी विचारलं तर ‘मुद्दामच केलंय’. असं म्हटलं की कुठल्याही लेखकाची कुठलीही चूक झाकता येते.

खरा इतिहास बघा. जॉन हॉकवूड, चौदाव्या शतकात इटलीत गाजलेला इंग्रज भाडोत्री सरदार. फ्लॉरेन्सच्या कॅथीड्रलमध्ये त्याचं घोड्यावर बसलेलं भलंमोठं चित्र आहे, उच्चेल्लोने १४३६ मध्ये काढलेलं, एकदम रुबाबदार. पण १३७७ मध्ये चेझेना गावात जी कत्तल झाली, तिच्यात त्याच्या फौजेचा हात होता आणि हजारो लोक मेले, ती त्या भिंतीवर कुठे आहे? भाडोत्री फौजांची कीर्ती अशीच टिकते, कोणीतरी प्रेमाने सोडून दिलेल्या गोष्टींवर. क्रोकर नेमकं तेच करतो आणि आपण त्याला प्रामाणिक म्हणून डोक्यावर घेतो.

पानवाचक
हे चित्राचं उदाहरण आवडलं. पण एक फरक आहे ना, त्या चित्रात कोपऱ्यात ‘इथे काही गाळलंय’ असं लिहिलेलं नाही. क्रोकरच्या बखरीत लिहिलंय. मला वाटतं सगळा वाद तेवढ्यावरच आहे की नुसतं तेवढं लिहून भागतं का.

अवांतर: फौजेत राहून फौजेची हकीकत लिहिणारा पहिला बहुतेक झेनोफोन. इसवी सन पूर्व ४०१ मध्ये दहा हजार ग्रीक भाडोत्री सैनिक इराणच्या गादीच्या भांडणात अडकले, ज्याने बोलावलं तोच मेला, आणि मग लढत लढत काळ्या समुद्रापर्यंत मागे आले. ह्या पठ्ठ्याने ते सगळं स्वतःला ‘तो’ म्हणून लिहिलंय, आणि ‘तो’ बऱ्याचदा बरोबरच ठरतो!

दक्षिणदिशा
तुमचं भांडण चालू द्या, पण पहिल्या पोस्टमधल्या मर्गनच्या मुद्द्याला कोणी हातच लावला नाही. इतका वरवरचा मुद्दा मी तरी सोडणार नाही.

ब्लीक सीझन्स आणि शी इज द डार्कनेस नीट वाचलीत का? मर्गनला सगळं दिसतं, बरोबर. पण तो बघतो कशासाठी? बायको मेली असं त्याला सांगितलंय, डेजागोरच्या वेढ्यातले भुकेचे दिवस त्याच्या डोक्यातून जात नाहीत, तो काळातच मागेपुढे घसरत राहतो, आणि स्मोकसोबत बाहेर भटकणं हे त्याचं व्यसन झालंय. क्रोकर त्याला त्याच्यावरून टोकतोसुद्धा. सगळं दिसतं आणि एक गोष्ट हाताने बदलता येत नाही, असा निवेदक तुम्हाला हेरखात्याचा रिपोर्ट वाटतो म्हणजे कमाल आहे. लेखक आधी अमेरिकन नौदलात होता आणि मग बरीच वर्षं जनरल मोटर्सच्या कारखान्यात कामाला होता. शिपाई आणि कामगार दोघांचा थकवा त्याला माहीत आहे आणि तो दक्षिणेच्या पुस्तकांत जास्त मुरलाय असं माझं स्पष्ट मत.

शिवाय वॉटर स्लीप्स! कंपनीचे मोठे लोक पंधरा वर्षं त्या चकाकत्या पठाराखाली अडकलेले, वर राज्य सोलकॅचरचं, म्हणजे लेडीच्या जादूगार बहिणीचं, आणि उरलेसुरले मूठभर लोक एका स्लीपीच्या नेतृत्वाखाली शहरात लपून तिला छळतायत. स्लीपी, जी मुलगा म्हणून भरती झाली होती. लढाई जवळपास नाहीच, निरोप, अफवा, वेषांतर, चोऱ्या. आणि आपली माणसं सोडायची नाहीत हा हट्ट. रमाताई, तुम्हाला बायकांचं निवेदन आणि परिणाम भोगणारी कंपनी हवी असेल तर ती इथे आहे, आणि धागाकर्ते नेमकी हीच पुस्तकं सोडा म्हणतायत.

बखरबहाद्दर
दक्षिणेच्या पुस्तकांचं माझं दुखणं वेगळं आहे. टॅग्लिओस, म्हणजे दक्षिणेत कंपनी जिथे येते तो देश, ही सरळसरळ भारताची नक्कल. किना देवी म्हणजे काली. तिचे भक्त रुमालाने गळे आवळतात. त्यांच्या म्होरक्याचं नाव नारायण सिंग. धर्म तीन, गुन्नी, वेहदना आणि शादर, आणि कोण कोणावरून घेतलंय ते आपल्याला सांगायची गरजच पडत नाही. हे सगळं येतं कुठून, तर स्लीमन ह्या इंग्रज अधिकाऱ्याने १८३० च्या दशकात ठगांविरुद्ध मोहीम चालवली त्या काळच्या इंग्रजी कागदपत्रांतून आणि त्यावर पोसलेल्या कथांमधून. रस्त्यावर वाटसरूंना मारून लुटणारे होते हे खरंच, पण देवीच्या नावाने चालणारा अख्खा गुप्त पंथ होता का, की ते चित्र इंग्रजांनी फुगवलं, ह्यावर इतिहासकार अजून भांडतायत. लेखकाने त्यातलं सगळ्यात भडक तेवढं उचललं. गंमत म्हणजे ज्या ईस्ट इंडिया कंपनीने ते चित्र रंगवलं तीही पगारी फौज पदरी बाळगणारी कंपनीच होती!

उत्तरेचं जग बघा, तिथे भीतीचं पठार आहे, बोलणारे दगड आहेत, आकाशात तरंगणारे देवमासे आहेत. काय डोकं लावलंय! आणि दक्षिणेत आल्यावर पाट्या टाकल्यात.

दक्षिणदिशा
नावांच्या बाबतीत मान्य, आळशीपणा आहे. नारायण सिंग वाचून मलाही ‘अरे देवा’ झालं. पण पात्र म्हणून बघ. क्रोकर आणि लेडीची मुलगी जन्मल्या जन्मल्या हेच लोक पळवतात, नारायण तिला देवीची मुलगी म्हणून वाढवतो, आणि हळूहळू तो गळे आवळणारा म्हातारा तिचा खराखुरा बाप होत जातो. सख्खे आईबाप परके. इंग्रजांच्या कागदपत्रांत ठगाला असं कोणी माणूस केलेलं नाही.

बखरबहाद्दर
ते चांगलंय, नाही म्हणत नाही. तरी त्या एका नात्यासाठी बाकीची शेकडो पानं गळ्याभोवती रुमाल.

हसतमुख
केवढे गंभीर आहात सगळे. भाडोत्री सैनिकच वाचायचे तर निकोलस ईम्सचं किंग्ज ऑफ द वाइल्ड (२०१७) घ्या. पोटं सुटलेले रिटायर्ड भाडोत्री परत एकत्र येतात कारण एकाची मुलगी वेढ्यात अडकलीये. ह्या टोळ्यांचा थाट अगदी रॉक बँडसारखा, दौरे काय, चाहते काय. हसूनहसून पुरेवाट. प्रत्येक वेळी युद्धाचं ओझं वाहायलाच पाहिजे असं कोणी सांगितलंय?

जुनाट_टाक
वाचलंय, मजा आली, दोन दिवसांत संपवलं. पण त्यात टोळी चांगली आहे हे पहिल्या पानापासून माहीत असतं. इथे माहीत नसतं, तिसऱ्या पुस्तकानंतरही नाही.

दक्षिणदिशा, मर्गनचं व्यसन वगैरे सगळं वाचलंय आणि कल्पना म्हणून ती उत्तम आहे. पण कल्पना चांगली असणं आणि पानं वाचवणं (म्हणजे वाचायला लावणं) ह्यात फरक आहे. तो एकच वेढा आधी एकाकडून वरवर ऐकायचा, मग मर्गनकडून पुढचं-मागचं करत परत ऐकायचा, आणि मध्येच कोण कुठल्या वर्षात आहे ते शोधत बसायचं. द व्हाइट रोझमध्येही काळाची सरमिसळ आहे की! क्रोकरचा वर्तमान आणि पत्रांतून येणारी बोमान्झ ह्या जुन्या जादूगाराची गोष्ट. पण तिथे पत्रं एकेक करून येतात आणि आपण क्रोकरसोबतच कोडं सोडवतो. त्यामुळे वाचक कुठेही हरवत नाही.

रोखठोक_रमा
वॉटर स्लीप्स वाचेन, दक्षिणदिशा. पण लेडीबद्दल कोणीच बोलेना म्हणून मी बोलते. जिच्या राजवटीत लाखो मेले ती बाई तिसऱ्या पुस्तकाच्या शेवटी शक्ती गमावते आणि पुढच्या मालिकेत क्रोकरची जोडीदार, मग कंपनीची सेनानी. तिचा हिशोब कोण मागतं? कोणीच नाही, कारण आता ती पण ‘आपल्या माणसांत’ आली. भावकीत शिरलं की सगळं माफ. क्रोकरचा नियम शेवटी लेखकाचाच नियम निघाला.

पानवाचक
पोरगी जन्मताच पळवली जाते आणि पुढे आईबापांचा द्वेष करते, हा हिशोब नाही का?

रोखठोक_रमा
तो दैवाचा फटका झाला. ज्यांची गावं गेली त्यांच्यापैकी एकाने तरी तिच्यासमोर उभं राहून विचारलेलं मला हवं होतं.

जुनाट_टाक
आणि मी नेमकं म्हणूनच तीनवर थांबा म्हणतो. तिथे तिचं काय होणार हे उघडं राहतं आणि उघडं राहिलेलंच बरं.

नवखा_शिपाई
मी ह्यातलं काहीच वाचलेलं नाही आणि आता सगळं कळलंय, धन्यवाद. सुरुवात कुठून करू? पोर्ट ऑफ शॅडोज म्हणून एक २०१८ चं दिसतंय, ते पहिल्या आणि दुसऱ्याच्या मधलं आहे म्हणे?

जुनाट_टाक
ते मध्ये अजिबात घेऊ नकोस, वाचलंच तर सगळ्यात शेवटी. १९८४ च्या पहिल्यापासून सरळ तीन.

दक्षिणदिशा
सरळ दहा. मध्ये सिल्व्हर स्पाइक पण आहे, ते सोडलंस तरी चालेल.

रोखठोक_रमा
पहिलं वाच, मग शेडसाठी दुसरं वाच, आणि वाचताना प्रत्येक प्रकरणाला विचार की ह्यात कोणाचं नाव आलेलं नाही.

नवखा_शिपाई
पहिल्याची वीस पानं झाली. कोण कोणाचा, शहर कुठलं, बिबट्यासारखं ते काय आलं, कोणी काही समजावूनच सांगत नाही. हे पुढे पण असंच आहे का?

मुक्काम_पोस्ट
असंच आहे. गॉब्लिन येईपर्यंत दम धर.