चेक सोशल डेमोक्रॅटिक पक्ष १९८९नंतर पुन्हा कसा उभा राहिला?

प्रश्न : कालिनाचा विद्यार्थी

मी मुंबई विद्यापीठात राज्यशास्त्राच्या पदव्युत्तर वर्गात शिकतो. कम्युनिस्ट राजवटी कोसळल्यानंतर मध्य युरोपातले जुने पक्ष पुन्हा कसे उभे राहिले, या विषयावर आम्हांला निबंध सादर करायचे असून माझ्या वाट्याला चेक सोशल डेमोक्रॅटिक पक्ष आला आहे. १८७८ साली स्थापन झालेला, १९२०च्या निवडणुकीत चेकोस्लोव्हाकियातला सर्वांत मोठा ठरलेला आणि जून १९४८मध्ये बळजबरीने कम्युनिस्ट पक्षात विलीन केला गेलेला हा पक्ष १९८९च्या अखेरीस पुन्हा कामाला लागला. परंतु जून १९९०च्या निवडणुकीत त्याला संसदेत प्रवेशासाठी असलेली किमान पाच टक्के मतांची अटही पूर्ण करता आली नाही, आणि त्यानंतर आठच वर्षांत त्याने सरकार स्थापन केले. या यशात जुन्या परंपरेचा खरोखर काही वाटा होता, की नाव तेवढे जुने आणि पक्ष सर्वस्वी नवा होता? जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावे.

उत्तर १ : गिरगावकर

माझ्या मते परंपरेने पक्षाला नाव दिले, मते दिली नाहीत. १९९०ची निवडणूक ही पक्षापक्षांतली लढत नव्हतीच. जुन्या राजवटीविरुद्धचा तो कौल होता आणि तो सिव्हिक फोरम या कम्युनिस्टविरोधी नागरी आघाडीच्या पदरात पडला. सोशल डेमोक्रॅट विचारांचे, तुरुंगवास भोगलेले रुडॉल्फ बाट्येक यांच्यासारखे कार्यकर्तेसुद्धा फोरममध्ये होते. पक्षाचे अध्यक्षपद त्याच वर्षी यिर्झी होराक यांच्याकडे गेले. ते १९४८मध्ये कम्युनिस्टांनी सत्ता बळकावल्यानंतर देश सोडून गेलेले आणि अमेरिकेत राज्यशास्त्र शिकवलेले प्राध्यापक. माणूस विद्वान होता, पण ज्या समाजाची मते मागायची तो समाज चार दशके त्यांच्याविना जगला होता. देशात उरलेले जुने सभासदही बहुतेक वयोवृद्ध होते. त्यांच्यानंतरची पिढी पक्षात घडायला हवी होती, ती घडलीच नाही, कारण घडण्यासाठी पक्षच नव्हता. एकेचाळीस वर्षांच्या बंदीचे खरे नुकसान हे आहे आणि ते कार्यालये परत मिळवून भरून निघत नाही.

१९९२मध्ये चेक राष्ट्रीय परिषदेत, म्हणजे तेव्हाच्या संघराज्यातील चेक भागाच्या विधिमंडळात, साडेसहा टक्के मते आणि १६ जागा मिळाल्या, म्हणजे पक्ष जगला, एवढेच. खरे वळण आले ते फेब्रुवारी १९९३मध्ये, ह्रादेत्स क्रालोवे येथील अधिवेशनात मिलोश झेमान अध्यक्ष झाले तेव्हा. झेमान या परंपरेत वाढलेले नव्हते, ही गोष्ट आपण निबंधात ठळकपणे मांडावी. १९७०मध्ये कम्युनिस्ट पक्षातून काढून टाकलेले हे अर्थतज्ज्ञ १९९०मध्ये फोरमच्या वतीने संघीय संसदेत निवडून गेले आणि सोशल डेमोक्रॅट्सकडे त्यानंतर आले. वात्स्लाव क्लाउस यांच्या सरकारने नागरिकांना शेअर घेण्यासाठी कूपन वाटून चालवलेल्या सरकारी उद्योगांच्या खाजगीकरणाविषयी लोकांच्या मनात जी शंका साचत होती, तिला त्यांनी बोचऱ्या, कधीकधी असभ्य भाषेत वाचा फोडली. १९९६च्या प्रचारात ते ‘झेमाक’ नावाची बस घेऊन गावोगाव फिरले. निकाल : २६.४४ टक्के मते आणि २०० पैकी ६१ जागा.

उत्तर २ : परळची वाचक

गिरगावकरांनी झेमान यांना दिलेले महत्त्व मान्य आहे, मात्र परंपरेचा वाटा त्यांनी फारच कमी लेखला आहे. शेजारच्या देशांकडे पाहावे. पोलंडमध्ये १९९३ साली आणि हंगेरीत १९९४ साली डाव्या बाजूने जे सत्तेवर आले, ते नाव आणि कार्यक्रम बदललेले पूर्वीचे कम्युनिस्टच होते. चेक कम्युनिस्टांनी मात्र आपले नाव सोडले नाही. १९९२मध्ये त्यांच्या आघाडीला १४ टक्के मते मिळाली, पण इतर पक्ष त्यांना जवळ करेनात. त्यामुळे डावीकडे बरीच जागा रिकामी राहिली. ‘आम्ही डावे आहोत, पण १९४८चे अपराधी नाही’ असे जो सांगू शकेल त्याच्यासाठी ती होती, आणि हे सांगण्याचा अधिकार परंपरेतूनच येत होता. १९९५च्या बोहुमीन अधिवेशनात कम्युनिस्टांशी राजकीय सहकार्य न करण्याचा ठराव झाला, तो याच अधिकाराच्या रक्षणासाठी. अर्थात ही परंपरा निष्कलंक नव्हती : १९४८पूर्वी पक्षाचे नेतृत्व करणारे झ्देन्येक फिर्लिंगर हे स्वतःच कम्युनिस्टांकडे झुकलेले होते आणि नोव्हेंबर १९४७मध्ये ब्रनो येथील अधिवेशनाने त्यांना अध्यक्षपदावरून दूर केले होते.

आपल्याकडचे समाजवादी १९७७मध्ये स्वेच्छेने जनता पक्षात विलीन झाले आणि तो फुटल्यावर वारसदार कोण, हे कधी ठरलेच नाही. चेक पक्षाच्या परदेशातील शाखेने नाव आणि सोशलिस्ट इंटरनॅशनल या समाजवादी पक्षांच्या जागतिक संघटनेशी असलेले नाते सांभाळले होते, म्हणून वारसाहक्काचा प्रश्न तिथे तुलनेने लवकर सुटला.

कालिनाचा विद्यार्थी

दोघांचेही मनःपूर्वक आभार. प्रागमधल्या ‘लिदोवी दूम’ या इमारतीचा उल्लेख वाचनात वारंवार येतो. पुनर्बांधणीशी तिचा संबंध किती?

उत्तर ३ : माहीमचे निवृत्त वकील

संबंध बराच आहे, आणि तो पक्षाला महाग पडला. हिबेर्न्स्का रस्त्यावरची ही वास्तू विसाव्या शतकाच्या आरंभापासून पक्षाचे घर होती. जानेवारी १९१२मध्ये लेनिनच्या अनुयायांची परिषद तिथेच भरली होती, म्हणून कम्युनिस्ट राजवटीने पुढे तिथे लेनिनचे संग्रहालय थाटले. १९८९नंतर मालकीवरून सरकारशी दावा चालला. तो लढवण्यासाठी पक्षाने १९९७मध्ये एका वकिलाशी करार केला आणि २०००मध्ये इमारत पक्षाकडे आली. पण करारातील मोबदला व दंडाच्या कलमांवरून उद्भवलेला वाद इतका लांबला की २०१६मध्ये न्यायालयाने पक्षाला तीस कोटींहून अधिक क्राउन देण्यास सांगितले. असा करार कोणत्या मनःस्थितीत सह्या करून दिला असेल, हे व्यवसायात आयुष्य घालवूनही मला उमगत नाही.

१९९८विषयीही थोडी सावधगिरी बाळगावी. त्या वर्षी पक्षाला ३२.३१ टक्के मते आणि ७४ जागा मिळाल्या; कम्युनिस्टांच्या २४ जागा धरल्या तरी बेरीज ९८च होते, बहुमत होत नाही. तेव्हा बोहुमीनच्या ठरावामुळेच बहुमत हुकले, असे लिहू नये. झेमान यांचे अल्पमतातील सरकार टिकले ते क्लाउस यांच्या पक्षाशी, म्हणजे विरोधी पक्षाशी, झालेल्या ‘विरोधी करारा’मुळे, म्हणजेच ज्यांच्यावर टीका करून पक्ष वाढला त्यांच्याच संमतीने. निबंध १९९८पाशी थांबवणार असाल, तर शेवटचे प्रकरण या करारावर असावे.